सामारियाची घळ: पहाटेच्या बसपासून संध्याकाळच्या बोटीपर्यंत

ग्रीसच्या क्रीट बेटाच्या पश्चिम भागात लेफ्का ओरी, म्हणजे ‘पांढरे डोंगर’, उभे आहेत. त्यांच्या पोटातून एक घळ ओमालोसच्या पठारापासून थेट दक्षिणेला लिबियन समुद्रापर्यंत उतरते. तीच सामारियाची घळ. सुरुवात सुमारे १,२३० मीटर उंचीवर, शेवट समुद्रसपाटीला, आणि मधलं चालणं साधारण १६ किलोमीटर. १९६२ पासून हे राष्ट्रीय उद्यान आहे. पाइन आणि सायप्रसचं रान, चुनखडीचे उभे कडे, रिकामं झालेलं एक गाव, नदीचं गोट्यांनी भरलेलं पात्र आणि शेवटी निळंशार पाणी, असं सगळं एका दिवसात पायाखालून जातं.

सह्याद्रीत फिरणाऱ्याला आधी चढायची आणि मग उतरायची सवय असते. छाती भरून आली की शरीर आपोआप थांबवतं. इथे पहिल्या पावलापासून उतारच आहे. दम लागत नाही, हवा गार असते, पाय ताजे असतात, म्हणून माणूस भराभर सुटतो. कळसूबाईवरून बारीला येताना जेवढं उतरतो, त्याहून जास्त उंची इथे खाली टाकायची आहे, आणि त्यातली जवळपास निम्मी पहिल्या तीन-चार किलोमीटरमध्येच संपते. दुपारी ज्यांचे पाय लटपटतात, त्यांचं बहुतेकदा सकाळी ८ वाजताच बिनसलेलं असतं.

दुसरी गोष्ट बोटीची. घळ जिथे संपते त्या आयिया रूमेली गावाला मोटारीचा रस्ता नाही. तिथून बाहेर पडायचं तर समुद्रातून, नाहीतर पुन्हा तासन्‌तास पायी चालून. त्यामुळे दिवसाचं घड्याळ संध्याकाळच्या बोटीवर लावायचं असतं. पहिले तीन किलोमीटर सावकाश आणि शेवटची बोट हातात, या दोन गोष्टी सांभाळल्या तर बाकीचं जमतं.

कधी जायचं

घळ साधारण १ मे ते ऑक्टोबरअखेर उघडी असते. हिवाळ्यात पाऊस आणि वितळणारा बर्फ यांनी पात्र भरून वाहतं, दगड सुटतात, म्हणून ती बंद ठेवतात. मे महिन्यात फुलं भरपूर असतात आणि पाणीही. ओढा ओलांडताना गोटे ओले असण्याची तयारी ठेवा. हिवाळा लांबला तर मेच्या सुरुवातीला पूर्ण वाट उघडलेली नसते. जुलै-ऑगस्टमध्ये खालच्या भागात ऊन अक्षरशः भाजतं. चालण्यासाठी सर्वांत सुखाचे दिवस मेचा दुसरा पंधरवडा, जूनची सुरुवात आणि सप्टेंबरच्या मध्यापासून पुढे. ऑक्टोबरमध्ये गर्दी कमी होते, पण दिवस लहान होतो आणि एखादा जोराचा पाऊस बेत मोडू शकतो.

पाऊस, वादळी वारा किंवा कडक उष्णतेची लाट असेल तर घळ त्या दिवसापुरती बंद करतात. हा निर्णय आदल्या संध्याकाळी किंवा अगदी त्याच सकाळी येतो. म्हणून हा दिवस सहलीच्या मध्यावर ठेवा. मागे एक राखीव दिवस असला की बेत सरकवता येतो, आणि वाऱ्यामुळे बोट निघाली नाही तरी दुसऱ्या दिवशीचं विमान चुकत नाही. परतीच्या विमानाच्या आदल्या दिवशी सामारिया ठेवणं ही चूक फार जण करतात.

गाइडबरोबर जाताना नेमकं काय विकत घेता

मुक्कामासाठी सोयीचं शहर म्हणजे हान्या. रोमन लिपीत ते ‘सी-एच’ने सुरू होतं, म्हणून आपल्याकडचे लोक ‘चानिया’ म्हणतात आणि बसस्थानकावर कुणाला कळत नाही. अथेन्सहून हान्याला विमान आहे, आणि पिरेयस बंदरातून रात्रीची मोठी बोट हान्याजवळच्या सूदा बंदरात पहाटे लागते. ग्रीस शेंगेन देशांत येत असल्याने भारतीय पासपोर्टवर तोच व्हिसा चालतो.

‘गाइडेड टूर’ या एकाच नावाखाली दोन वेगळ्या गोष्टी मिळतात. पहिली म्हणजे मोठ्या बसची सहल. बस पहाटे हॉटेलांवरून माणसं गोळा करते, गाइड बसमध्ये माइकवर सूचना देतो, तिकिटं काढून देतो आणि मग सगळे आपापल्या चालीने उतरतात. गाइड बहुधा सर्वांत मागून येतो आणि संध्याकाळी आयिया रूमेलीतल्या ठरलेल्या खानावळीत सगळ्यांना मोजून घेतो. आपल्याकडच्या ट्रेकसारखं ‘पुढे लीडर, मागे को-लीडर, मध्ये आपण’ असं इथे नसतं, आणि हे आधी माहीत नसेल तर पहिल्याच वळणावर एकटं पडल्यासारखं वाटतं. दुसरा प्रकार म्हणजे सहा-आठ जणांचा छोटा गट आणि सोबत चालणारा डोंगरी गाइड. हा महाग पडतो, पण झाडं, पक्षी, खडक, गावाचा इतिहास समजून घ्यायचा असेल किंवा गटात कुणी पहिल्यांदाच एवढं चालणार असेल, तर पैसे वसूल होतात.

पैसे भरण्याआधी चार प्रश्न विचारा. उद्यानाचं प्रवेश तिकीट किमतीत धरलं आहे का? बोटीचं तिकीट धरलं आहे का? (बहुतेक बससहलींत ही दोन्ही वेगळी असतात.) गाइड सोबत चालतो की मागून येतो? आणि घळ बंद झाली तर पैसे परत मिळतात, तारीख बदलून मिळते, की दुसऱ्या घळीत नेतात? चौथ्याचं उत्तर लेखी घ्या.

बेटाच्या पूर्वेकडच्या हॉटेलात उतरला असाल तर मुक्काम हलवा. इराक्लिओहून निघणाऱ्या सहली पहाटे चार-साडेचारला उचलतात आणि रात्री खूप उशिरा सोडतात. अपुऱ्या झोपेवर हजार मीटर उतरणं गुडघ्यांना महागात पडतं.

स्वतंत्रपणे जायचं असेल तर हान्याच्या बसस्थानकावरून क्टेल या सार्वजनिक सेवेची पहाटेची बस ओमालोसमार्गे घळीच्या दारापर्यंत जाते, आणि संध्याकाळी बोट लागते त्या गावातून परतीची बस असते. भाड्याची मोटार मात्र घळीच्या तोंडाशी उभी करू नका. तुम्ही उतरणार डोंगराच्या दुसऱ्या अंगाला, आणि मोटार राहणार वर.

पाय तयार करणं

उतरताना मांडीचे पुढचे स्नायू ताणले जात असतानाच शरीराचं वजन पेलतात. हे काम चढण्याहून वेगळं आहे. रोज तासभर सपाट रस्त्यावर चालणाऱ्यालाही त्याची सवय नसते. म्हणून निदान चार आठवडे आधीपासून आठवड्यातून दोनदा इमारतीचे जिने उतरा. लिफ्टने वर जा, पायांनी खाली या. दहा मजल्यांपासून सुरू करून चाळीसपर्यंत न्या. पुण्यातल्या माणसाने आतकरवाडीच्या वाटेने सिंहगड एकाच दिवशी दोनदा चढून-उतरून पाहावा. साधारण तेवढाच एकूण उतार होतो आणि आपले गुडघे काय म्हणतात ते कळतं. दुसऱ्या उतारात गुडघ्याच्या वाटीखाली टोचणारी कळ आली, तर सामारिया पूर्ण करण्याचा हट्ट धरू नका. खाली सोपा पर्याय दिला आहे.

नखं दोन-तीन दिवस आधी कापा. उताराला बोटं बुटाच्या टोकावर आपटत राहतात, आणि वाढलेलं नख संध्याकाळपर्यंत काळं पडतं. बूट अर्धा नंबर मोठे हवेत. नाडी घोट्याजवळच्या शेवटच्या भोकांतून ओढून घट्ट बांधा, म्हणजे टाच मागे बसून राहते आणि पाऊल पुढे सरकत नाही. नवे बूट इथे पहिल्यांदा घालू नका.

तळव्याबद्दल एक खास गोष्ट. आपला काळा कातळ कोरडा असला की पाय धरून ठेवतो, आणि शेवाळलं की घसरवतो. ही चुनखडी तशी नाही. वर्षानुवर्षांच्या पावलांनी ती संगमरवरासारखी गुळगुळीत झाली आहे आणि भर उन्हात, ठणठणीत कोरडी असतानाही घसरवते. वाटेत चकाकणारा दगड दिसला की त्यावर पाऊल टाकायचं नाही, शेजारच्या खरखरीत दगडावर टाकायचं. तळवा मऊ रबराचा आणि खाचा न झिजलेला हवा. चपला आणि सँडल घालून आलेल्यांना दारावरचे लोक हटकतात, आणि ते योग्यच आहे.

सॅकमध्ये काय

१५ ते २० लिटरची सॅक पुरते. पाण्याची दीड लिटरची सोय हवी, जास्त नको. वाटेत ठरावीक अंतरावर झऱ्याचं पिण्याचं पाणी नळांना आणलेलं आहे, त्यामुळे चार लिटर पाणी पाठीवर घेऊन उतरणं म्हणजे गुडघ्यांवर चार किलोचं ओझं फुकट लादणं. ओआरएसची दोन पाकिटं ठेवा. कोरडी हवा घाम लगेच उडवून नेते, त्यामुळे मुंबईसारखा अंगाला चिकटा जाणवत नाही आणि किती पाणी गेलं ते कळत नाही. दर अर्ध्या तासाला चार घोट प्यायचे, तहान लागो वा न लागो.

पहाटे ओमालोसला गारवा असतो, मे किंवा ऑक्टोबरमध्ये तर चक्क थंडी. दुपारी खाली पारा तिशीच्या पुढे जातो. म्हणून आत हलका टी-शर्ट, वर पातळ जॅकेट. मोठ्या कडांची टोपी, सनस्क्रीन, गॉगल, जास्तीचे मोजे, फोडांसाठी चिकटपट्टी, आणि समुद्रात उतरायचं असेल तर कपडे व पंचा. ट्रेकिंगच्या काठ्या दोन असाव्यात. उतारावर त्या नेहमीपेक्षा थोड्या लांब करा, आणि पाऊल पडण्याआधी टोक टेकवा. थोडे रोख युरो सुट्या नोटांत ठेवा.

जेवण बांधून न्या. घळीत दुकान नाही. थेपले, दशम्या, शेंगदाण्याची चिक्की, खजूर हे इथेही तितकेच उपयोगी. शिवाय हान्याच्या बेकरीत चीज किंवा पालक भरलेली पेस्ट्री पहाटेही मिळते. केळी हमखास चेंगरतात, सफरचंद न्या. कचरा स्वतःच्या पिशवीत ठेवा.

सकाळ: दारापासून आयिओस निकोलाओसपर्यंत

हान्याहून ओमालोसपर्यंत बसला साधारण एक तास लागतो, आणि शेवटचा भाग वळणांचा आहे. गाडी लागत असेल तर निघण्याआधी गोळी घ्या, भरपेट खाऊ नका. ‘ओमालोस’चा अर्थच सपाट. डोंगरांच्या कड्यात बसलेलं हे पठार ओलांडलं की क्सिलोस्कालो येतं, म्हणजे ‘लाकडी जिना’. पूर्वी इथून लाकडाच्या पायऱ्यांनी खाली उतरत, त्यावरून हे नाव पडलं. आता दगडी वळणावळणाची वाट आहे आणि कडेला लाकडी कठडा. समोर उजव्या हाताला गिंगिलोस हा २,०८० मीटरचा डोंगर एका उभ्या भिंतीसारखा येतो.

दार सकाळी ७ ला उघडतं. उशिरा येणाऱ्याला पूर्ण घळ पार करायला सोडत नाहीत, कारण अंधारात कुणी आत राहता कामा नये. तिकीट जपून ठेवा. खाली बाहेर पडताना ते पुन्हा तपासतात, आणि आत कुणी अडकलं आहे का हे त्यावरून ठरवतात. मागून रक्षकही पाहत येतात. घळीत मुक्काम, आग, झाडं तोडणं, ओढ्यात पोहणं आणि दारू यांना मनाई आहे. कुत्र्यालाही आत नेता येत नाही.

दारावरच्या स्वच्छतागृहात जाऊन या, आणि सुरुवातीच्या गर्दीला पुढे जाऊ द्या. तीन बसमधली माणसं एकदम सुटतात, आणि मागच्याच्या धक्क्याने आपणही घाई करतो. दहा मिनिटं थांबलं की वाट मोकळी होते.

आता चाल. पावलं लहान, गुडघे किंचित वाकलेले, वजन टाचेवर न आदळता पूर्ण पावलावर. पायऱ्या उंच असतील तिथे तिरकं उतरा, पाय आलटून-पालटून पुढे टाका. नाहीतर माणूस नकळत एकाच पायावर सगळा भार देत राहतो. सोबत्याशी सहज बोलता येईल इतकाच वेग. वाटेवरचे बारीक खडे मण्यांसारखे घरंगळतात, तिथे काठी आधी, पाऊल नंतर.

साधारण पावणेदोन किलोमीटरवर पहिला पाणवठा, नेरूत्सिको. पाण्याला ग्रीक भाषेत ‘नेरो’ म्हणतात. आपल्या ‘नीर’शी सारखेपणा वाटतो, पण ग्रीक शब्द ‘ताजं’ या अर्थाच्या जुन्या शब्दावरून आला आहे. पुढे रीझा सिकियास, म्हणजे ‘अंजिराचं मूळ’. इथपर्यंत पोहोचलं की सर्वांत तीव्र उतार मागे पडलेला असतो. मांड्या थरथरतात का ते इथे तपासा. नुसतं उभं राहिल्यावर पाय हलत असतील, तर दहा मिनिटं बसा, काही खारट खा, आणि पुढचा वेग आणखी कमी करा. गुडघा खरोखरच दुखत असेल तर परत फिरण्याची ही शेवटची शहाणी जागा आहे. इथून वर चढणं कष्टाचं आहे, पण अजून शक्य आहे. सामारिया गावातून ते जवळजवळ अशक्य होतं.

सुमारे चार किलोमीटरवर आयिओस निकोलाओसचं लहानसं दगडी चॅपल, भोवती प्रचंड सायप्रस. सकाळची न्याहारी इथे करा. सावली गर्द आहे, पाणी आहे, बाकडी आहेत. सावकाश चालणाऱ्याला इथवर दीड ते पावणेदोन तास लागतात. एका तासात पोहोचला असाल तर जास्त वेगाने आलात.

मधला भाग: गाव आणि त्यानंतरचं पात्र

यापुढे उतार सौम्य होतो आणि वाट ओढ्याला चिकटते. पाणी कधी दिसतं, कधी नाहीसं होतं. चुनखडी पाणी पिते. ओढा गोट्यांखाली शिरतो आणि कुठेतरी खाली पुन्हा वर येतो. काठावरची मोठ्या पानांची झाडं नीट पाहा. काश्मीरचा चिनार तो हाच. लांडोरीएवढाले काळे ठिपके वर घिरट्या घालताना दिसले तर ती गिधाडं असतात.

सात किलोमीटरच्या आसपास लाकडी पूल ओलांडला की सामारिया गाव. उद्यान झालं तेव्हा, १९६२ मध्ये, इथल्या कुटुंबांना गाव सोडावं लागलं. दगडी घरं उरली. काही दुरुस्त करून रक्षकांसाठी वापरतात. जवळच इजिप्तच्या संत मारियाचं, ओसिया मारियाचं, १३७९ सालचं चर्च आहे. ‘ओसिया मारिया’चं बोलताना ‘सामारिया’ झालं आणि घळीलाही तेच नाव मिळालं. ही दरी शतकानुशतकं बंडखोरांचा आसरा होती. मे १९४१ मध्ये जर्मन सैन्य बेटावर उतरलं तेव्हा ग्रीसचा राजा दुसरा जॉर्ज पांढरे डोंगर ओलांडून आयिया रूमेलीला आला, आणि तिथून ब्रिटिश युद्धनौकेने इजिप्तला गेला.

क्री-क्री दिसण्याची सर्वांत चांगली जागा म्हणजे हे गाव. क्रीटचा हा रानबोकड वाकड्या लांब शिंगांचा आणि पाठीवर काळी रेघ असलेला. इथे तो माणसाला सरावला आहे आणि थेट जेवणाच्या डब्याकडे येतो. त्याला काहीही देऊ नका. पोळीचा तुकडाही त्याच्या पोटाला त्रास देतो, आणि माणसांभोवती राहण्याची सवय त्याला गावठी शेळ्यांच्या जवळ आणते. त्यांच्याशी संकर होणं हाच या प्राण्याला मोठा धोका आहे.

जेवण इथे उरका आणि बाटली काठोकाठ भरा. पाणवठे वरच्या अर्ध्या भागात जवळजवळ आहेत, खाली विरळ होतात. अर्धं अंतर अजून बाकी आहे, सावली संपणार आहे, आणि घड्याळात साडेदहा-अकरा वाजलेले असतील. त्याहून बराच उशीर झाला असेल तर जेवण दहा मिनिटांत आटोपा. अपघात झाला तर मदतीची मुख्य जागाही हीच. मोबाइलला घळीत बहुतेक ठिकाणी रेंज नसते, म्हणून जाणाऱ्या-येणाऱ्याबरोबर जवळच्या रक्षकचौकीला निरोप द्यायचा. जखमी माणसाला खेचरावरून खाली नेतात. रेंज असेल तिथे ११२ हा युरोपभरचा आपत्कालीन क्रमांक चालतो.

गावानंतर वाट नदीच्या पात्रात उतरते आणि कस लागतो तो इथे. पाऊल सतत गोल गोट्यांवर पडतं, घोटा दर पावलाला थोडा कलतो. घोटे मुरगळण्याचे प्रकार उभ्या उतारावर कमी, इथे जास्त होतात, कारण पाय थकलेले असतात आणि डोळे कड्यांकडे लागलेले. वर पाहायचं तर थांबून पाहा. ओढा ओलांडायला लाकडी साकव आणि मांडलेले दगड आहेत. दगड हलतो का ते काठीने दाबून बघा. दगड पाण्याखाली गेले असतील तर उड्या मारण्यापेक्षा बूट भिजवून सरळ चालत जाणं सुरक्षित, पलीकडे मोजे बदला.

पात्रात गुलाबी फुलांची झुडपं दिसतात ती आपलीच कण्हेर. तिचं सगळं अंग विषारी असतं हे गावाकडे लहान मुलालाही ठाऊक असतं. इथेही तिची काडी तोंडात धरू नका. कड्यांच्या फटींतून वाढणारी लोकरी पानांची वनस्पती म्हणजे दिक्तामो. क्रीटबाहेर ती रानात उगवत नाही, आणि तोडणं गुन्हा आहे.

काही ठिकाणी दगड कोसळण्याच्या धोक्याचे फलक आहेत आणि थांबू नका असं लिहिलेलं आहे. फलक शोभेचे नाहीत. वारा, पाऊस किंवा वर चरणारे बोकड यांनी सुटलेला मुठीएवढा दगडही शंभर मीटरवरून जीव घेतो. अशा पट्ट्यात फोटो, पाणी, नाडी बांधणं काहीही नाही. ओळीने, अंतर ठेवून, झटपट पुढे. विश्रांतीच्या जागा उद्यानाने निवडून ठेवल्या आहेत, त्या सोडून कुठेही बसू नका. ख्रिस्तोसचा थांबा, सुमारे ११ व्या किलोमीटरला, हा त्यातला शेवटचा मोठा. बाटली इथे पुन्हा भरा.

पोर्तेस

ख्रिस्तोसनंतर थोड्याच वेळात दोन्ही भिंती जवळ येत जातात आणि एका वळणावर पोर्तेस, म्हणजे ‘दारं’, समोर येतात. रुंदी तीन-चार मीटर, भिंतींची उंची सुमारे ३०० मीटर. ज्याने सांदण दरी पाहिली आहे त्याला अरुंदपणाचं नवल वाटणार नाही, पण सांदणच्या काळ्या भिंतींच्या कित्येक पट उंच असलेला हा करडा-पिवळा दगड, त्यावरचे वळ्यांसारखे थर आणि मधून खळाळणारं पाणी मान मागे टाकूनही मावत नाही. बहुतेक वेळा इथे पाण्यावर लाकडी फळ्यांची वाट टाकलेली असते. सगळेच फोटोला थांबतात, म्हणून दाटी होते. फोटो अलीकडच्या रुंद जागेतून घ्या. माणसं आत उभी असली की उंचीचा अंदाज येतो, त्यामुळे चित्रही तिथूनच चांगलं येतं. मग न रेंगाळता पार व्हा.

आयिया रूमेली आणि परत

सुमारे १३ किलोमीटरवर उद्यानाचं खालचं दार. तिकीट दाखवा. थंड संत्र्याचा रस विकणारी दुकानं पाहून सगळं संपलं असं वाटतं, पण समुद्रापर्यंतचे शेवटचे दोन-तीन किलोमीटर पुरानंतर सोडलेल्या जुन्या वस्तीतून, भर उन्हात आहेत. हंगामात इथून छोटी बस मिळते. पाय बोलत असतील तर तिने जा, त्यात कमीपणा काही नाही.

सकाळी साडेसातला निघालेला सावकाश चालणारा माणूस दोन-अडीचपर्यंत गावात पोहोचतो. सगळ्यांत पहिलं काम बोटीचं तिकीट. शेवटची बोट हंगामात साधारण साडेपाचच्या सुमाराला असते; त्या दिवसाची नेमकी वेळ खिडकीवर पाहा आणि कुठली बोट हेही पाहा. एक पूर्वेला लूत्रोवरून होरा स्फाकियोनला जाते, दुसरी पश्चिमेला सूयाला. तुमची बस ज्या गावात उभी आहे तीच बोट हवी. एकाच धक्क्यावर थोड्या अंतराने दोन बोटी लागतात आणि दमलेली माणसं चुकीच्या रांगेत उभी राहतात. गाइडला त्याच्या खानावळीत जाऊन भेटा, हजेरी द्या. न सांगता परस्पर बोटीवर चढलात तर तो तुम्हाला घळीत शोधत बसेल.

जेवायला शाकाहारी माणसाची इथे अडचण होत नाही. दाकोस म्हणजे सातूच्या कडक टोस्टवर किसलेला टोमॅटो, मऊ चीज आणि ऑलिव्ह तेल. बुरेकी म्हणजे बटाटा, झुकिनी आणि चीज यांचे भाजलेले थर. होर्ता म्हणजे उकडलेल्या रानभाज्या, लिंबू पिळून. दूध-अंडंही नको असेल तर ‘निस्तीसिमो’ आहे का विचारा, म्हणजे त्यांच्या उपवासाचं. मात्र त्या उपवासाला कोळंबी आणि ऑक्टोपस चालतात, तेवढं वेगळं विचारून घ्या. होरा स्फाकियोनला वेळ मिळाला तर तव्यावर भाजलेली, आत चीज आणि वर मध घातलेली स्फाकियानी पीता खा. पुरणपोळीच्या घराण्यातली वाटते.

पुळण गडद खड्यांची आहे आणि दुपारी तापते, पाण्यापर्यंत चपला घालून जा. दुखऱ्या मांड्यांना हे पाणी फार मानवतं. कमरेएवढ्या पाण्यात वीस मिनिटं चालत राहा. पण भर उन्हातून आल्याआल्या उडी मारू नका, आधी सावलीत बसून पाणी प्या.

जोराचा वारा सुटला तर बोट निघत नाही. गावात राहायला खोल्या मिळतात, म्हणून एका रात्रीपुरते रोख पैसे आणि रोजची औषधं सॅकमध्ये असलीच पाहिजेत.

घळ बंद असेल, किंवा गुडघे नको म्हणत असतील

पूर्ण उतार झेपणार नाही अशांनी होरा स्फाकियोनहून सकाळच्या बोटीने आयिया रूमेलीला यावं आणि खालच्या दारातून पोर्तेसपर्यंत जाऊन परत फिरावं. जाऊन-येऊन नऊ-दहा किलोमीटर, चढ अगदी थोडा, आणि घळीचं सर्वांत देखणं दृश्य पदरात. लहान मुलांबरोबर किंवा आई-वडिलांना घेऊन गेलेल्यांनी हेच करावं असा आमचा स्पष्ट सल्ला आहे.

सामारिया बंद असताना सहलवाले बहुधा इम्ब्रोसला नेतात. ही घळ सुमारे आठ किलोमीटर, दोन-तीन तासांची, आणि एका जागी जेमतेम दीड-दोन मीटर रुंद. मात्र सामारिया पावसामुळे किंवा उष्णतेमुळे बंद असेल तर इम्ब्रोसलाही तोच पाऊस आणि तेच ऊन असतं. ‘पर्याय आहे’ एवढ्यावर होकार देऊ नका. ती घळ त्या दिवशी उघडी आहे का ते आधी विचारा, आणि शंका असेल तर तो दिवस हान्याच्या जुन्या बंदरात काढा.

संध्याकाळी बसमध्ये बसण्याआधी मोजे बदला आणि पोटऱ्या-मांड्या दोन-दोन मिनिटं ताणून घ्या. दोन तास गुडघे दुमडून बसल्यावर न ताणलेले पाय उतरताना वळत नाहीत. मांड्या सर्वांत जास्त दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दुखतात, म्हणून त्या दिवशीची खोली तळमजल्यावर किंवा लिफ्ट असलेल्या इमारतीत घ्या.